डीएलएल सापडत नाही? आधी हे करा

लॅमिंग्टन रोडवरून आणलेल्या सेकंडहँड पीसीवर 'व्हीसीरनटाइम१४०.डीएलएल' सापडत नाही असा मेसेज आला, म्हणून पीसी बिघडला असं नाही. परत दुकानात धावू नका. डीएलएल म्हणजे सामायिक फाइल. सोसायटीच्या गच्चीवरची टाकी सगळ्या मजल्यांना पाणी देते, तशी एकच फाइल अनेक प्रोग्राम वापरतात. ती गेली की भलताच प्रोग्राम बंद पडतो.

- नाव गुगलून कुठल्यातरी साइटवरून सुटी डीएलएल उतरवू नका. नवखे हमखास इथेच फसतात. आवृत्ती चुकीची निघते, कधी सोबत व्हायरसही येतो.
- फाइल कोणाची ते बघा. तुमची फाइल व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल पॅकेजमधली आहे. मायक्रोसॉफ्टच्या साइटवर ते फुकट मिळतं. प्रोग्राम ३२ बिटचा असेल तर ६४ बिट विंडोजवरही एक्स८६ (म्हणजे ३२ बिटचं) पॅकेजच लागतं. कळत नसेल तर एक्स८६ आणि एक्स६४ (६४ बिटचं) दोन्ही टाका, एकमेकांशी भांडत नाहीत.
- फाइल त्या प्रोग्रामचीच असेल तर प्रोग्राम काढून पुन्हा टाका. अँटीव्हायरसने उचलून क्वारंटाइनमध्ये (संशयित फाइली वेगळ्या कोंडण्याच्या जागेत) ठेवली नाही ना, तेही पाहा.
- डिस्कवर जागा करायला विंडोजच्या सिस्टम३२ फोल्डरमध्ये हात घालू नका.

त्या फोल्डरच्या नावावरही जाऊ नका. ६४ बिट विंडोजमध्ये सिस्टम३२ मध्ये ६४ बिटच्या फाइली असतात आणि ३२ बिटच्या सिसवाऊ६४ मध्ये. उलटं वाटतं खरं, पण तसंच आहे!

पॅकेज टाकून रीस्टार्ट करा. तरी मेसेज आलाच, तर फाइलचं आणि प्रोग्रामचं पूर्ण नाव कळवा.