आधी योजनेचा कागद काढ, मग दावा लिही

अनेक आशीर्वाद.

तुझा मसुदा वाचला. भाषा नेटकी आहे, पण तो एवढ्यात दाखल करू नकोस. ‘प्रतिवादीने वादीच्या गटात अतिक्रमण केले’ असं तू लिहिलं आहेस आणि सोबत जोडलास फक्त सात-बारा आणि फेरफार. फेरफाराने मालकी मिळत नाही, हे तुला ठाऊक आहे. जमिनींच्या एकत्रीकरणाच्या वादात तर सात-बारा हा सगळ्यात शेवटी तयार झालेला कागद. त्याच्या मागे काय घडलं, ते तुझ्या मसुद्यात कुठेच नाही.

1947चा तुकडेबंदी आणि एकत्रीकरणाचा कायदा विखुरलेली वावरं एका जागी आणण्यासाठी झाला. गावोगाव योजना झाल्या, सर्व्हे नंबर आणि हिस्से जाऊन गट आले. कागदावर अदलाबदल झाली, पण पुष्कळ गावांत माणसं आपापल्या जुन्याच वावरात पेरत राहिली. एखाद्याची विहीर शेजाऱ्याच्या गटात गेली, तरी मोट त्याचीच चालली. त्या पिढीने ते तोंडी निभावलं. आता नातवंडं मोजणी आणतात, भूकरमापक गट नकाशाप्रमाणे खुणा दाखवतो आणि 40-50 वर्षं कसलेलं रान एका दुपारी दुसऱ्याचं निघतं. तुझा पक्षकार आणि समोरचा, दोघंही खरं बोलत असतील. हे मनात ठेवूनच पुढचं काम कर.

भूमी अभिलेखच्या उप अधीक्षक कार्यालयात नकलांचा अर्ज टाक. योजनेचे 9(3) आणि 9(4)चे उतारे, त्या वेळचे खातेदारांचे जबाब, जुन्या सर्व्हेचं टिपण (मोजणीची मूळ नोंद) आणि फाळणी (हिस्स्यांचा नकाशा), गट नकाशा, सगळं माग. कोणत्या खातेदाराचा कोणता सर्व्हे कोणत्या गटात गेला, ते उताऱ्यांत सापडेल. जबाबावर पक्षकाराच्या आजोबांची सही किंवा अंगठा आहे का, तेही बघ. मग योजनेआधीच्या सात-बारावरचं क्षेत्र आणि आकार (शेतसारा) गटाशी ताडून पाहा. ‘रेकॉर्ड जीर्ण आहे’ असं उत्तर मिळालं तर ते लेखी घे आणि वरिष्ठ कार्यालयात प्रत आहे का, ते विचार.

एवढं झालं की चूक नेमकी कुठे आहे ते दिसेल. लिहिण्यात किंवा बेरजेत चूक असेल तर 1947च्या कायद्याचं कलम 31अ. योजनाच सदोष झाली असेल, म्हणजे एकाची जमीन दुसऱ्याच्या गटात घातली असेल, तर कलम 32. तिथे बदलाचा मसुदा प्रसिद्ध करून हरकती ऐकाव्या लागतात. हे अधिकार जमाबंदी आयुक्तांचे, म्हणजे भूमी अभिलेख खात्याचे. तहसीलदाराकडे महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम 155खाली अर्ज करून योजना बदलून मिळत नाही. योजनेतले जे प्रश्न त्या अधिकाऱ्यांनी ठरवायचे, त्यांत 1947च्या कायद्याचं कलम 36अ दिवाणी न्यायालयाचा मार्ग अडवतं. चुकीच्या दारात अर्ज देऊन वर्षं घालवलेली कुटुंबं मी पाहिली आहेत. वकिलाची फी भरायला त्यांनी गोठ्यातली जनावरं विकली. त्याचा मला आजही राग येतो, म्हणून इतक्या कळकळीने लिहितो आहे.

कलम 32मध्ये मुदत लिहिलेली नाही, यावर मात्र विसंबू नकोस. हा अधिकार वाजवी काळातच वापरला पाहिजे, असं मुंबई उच्च न्यायालयाने वारंवार म्हटलं आहे. कित्येक दशकांनी योजना फिरवणारे आदेश तिथे टिकत नाहीत. तुझ्या प्रकरणात उशीर झालेला दिसतो, तेव्हा पक्षकाराला जिंकण्याची खात्री देऊ नकोस.

आणि त्याला आजच फोन कर. मोजणीच्या खुणा पडल्या म्हणून समोरच्याच्या उभ्या पिकात ट्रॅक्टर घालायचा नाही. ताबा कायद्यानेच घ्यावा लागतो. बांधावर हाणामारी झाली की फौजदारी सुरू होते आणि मूळ वाद बाजूला पडतो.

दोघांच्या जमिनी खरोखर एकमेकांच्या ताब्यात असतील, तर सलोखा योजनेचा विचार कर. 2023मध्ये सरकारने ती आणली. किमान 12 वर्षांचा परस्पर ताबा असेल तर 1000 रुपये मुद्रांक शुल्क आणि 1000 रुपये नोंदणी फीमध्ये अदलाबदलीचा दस्त होतो. तलाठी आणि मंडळ अधिकाऱ्यांचा पंचनामा लागतो. सवलत सध्या चालू आहे का, हे दुय्यम निबंधकांकडे विचारून घे. समोरच्या वकिलाशी तू स्वतः बोल, त्यात कमीपणा नाही.

नकला हाती आल्या की त्या घेऊन ये. आपण जुना नकाशा आणि गट नकाशा शेजारी ठेवून बसू.

तुझा,
काका