समुद्र नसलेलं नौदल आणि बाकीचे प्रश्न

या वेळी प्रश्नांचा ढीग आलाय. त्यातले निम्मे "अमुक देशाची राजधानी कोणती" छापाचे आहेत, ते बाजूला ठेवलेत, मोबाईल हातात असताना ते मला कशाला विचारायचे. जिथे "असं का" हे विचारलंय तेच घेतोय.

प्रश्न : बोलिव्हियाला समुद्रच नाही, मग त्यांचं नौदल काय करतं? ही थट्टा आहे की खरंच आहे? (वाचक, सांगली)

खरंच आहे. ॲडमिरल आहेत, पांढरे गणवेश आहेत, बोटी आहेत, फक्त त्या टिटिकाका सरोवरात आणि ॲमेझॉनला मिळणाऱ्या नद्यांवर फिरतात. टिटिकाका समुद्रसपाटीपासून साधारण ३,८०० मीटरवर, म्हणजे आपल्या कळसूबाईच्या दुपटीहून वर. आता हसायला येतं हे कबूल, पण १८७९ पर्यंत बोलिव्हियाला पॅसिफिकचा चांगला ४०० किलोमीटरचा किनारा होता. तो भाग म्हणजे अटाकामाचं वाळवंट, माणूस कमी, पाणी नाही, पण जमिनीत सोडियम नायट्रेट, म्हणजे खत आणि दारूगोळा दोन्हीचा कच्चा माल. आणि तो खणणारी कंपनी चिलीची, भांडवल चिलीचं आणि ब्रिटिशांचं, कामगारही बहुतेक चिलीचे. १८७४ च्या तहात बोलिव्हियाने लिहून दिलं होतं की पंचवीस वर्षं नवा कर लावणार नाही, तरी १८७८ मध्ये क्विंटलमागे १० सेंटाव्हो (तिथली चिल्लर) कर लावला, कंपनीने भरायला नकार दिला, सरकारने तिच्या मालमत्तेचा लिलाव काढला आणि लिलावाच्या दिवशीच, १४ फेब्रुवारी १८७९ ला, चिलीचं सैन्य अंतोफागास्ता बंदरात उतरलं. पेरूचा बोलिव्हियाशी गुप्त करार होता म्हणून तोही ओढला गेला आणि त्यानेही प्रदेश गमावला. १० सेंटाव्होसाठी किनारा गेला असं म्हणतात ते अगदीच खोटं नाही, पण माझ्या मते कर हे निमित्त, नायट्रेटवर चिलीचा डोळा आधीपासून होताच.

पुढे १९०४ च्या तहात बोलिव्हियाने सही करून किनारा सोडला, बदल्यात चिलीने आरिका ते ला पाझ रेल्वे बांधून दिली आणि माल ने-आण करायची मोकळीक दिली. सर्वात झोंबणारी गोष्ट म्हणजे चुकिकामाता, जगातल्या सर्वात मोठ्या तांब्याच्या खाणींपैकी एक, ती याच गेलेल्या भागात आहे. नायट्रेटचा बाजार कृत्रिम खतांनी बसवला, पण तांबं आजही चिलीला पोसतंय. बोलिव्हियात दर वर्षी २३ मार्चला समुद्रदिन पाळतात, मिरवणुका निघतात. प्रकरण हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयातही नेलं, २०१८ मध्ये १२ विरुद्ध ३ मतांनी निकाल गेला की चिलीवर वाटाघाटी करायचं कायदेशीर बंधन नाही. म्हणजे नौदल अजून नदीतच.

प्रश्न : नामिबियाच्या नकाशाला उजवीकडे वर एक लांब बोट फुटलंय ते काय? एमपीएससीची तयारी करतोय, समजावून सांगा. (विद्यार्थी, लातूर)

परीक्षेला येईल न येईल माहीत नाही, पण किस्सा मस्त आहे. त्याला कॅप्रिव्ही पट्टी म्हणायचे, साधारण ४५० किलोमीटर लांब, २०१३ पासून तिथल्या प्रदेशाचं नाव झांबेझी केलंय. १८९० मध्ये जर्मनी आणि ब्रिटनचा तह झाला. जर्मनीने झांझिबारवरचा दावा सोडला, बदल्यात उत्तर समुद्रातलं हेलिगोलँड बेट आणि ही पट्टी घेतली. जर्मनीचे चान्सलर होते कॅप्रिव्ही, म्हणून ते नाव. हेतू काय, तर आपल्या नैऋत्य आफ्रिकेतल्या वसाहतीतून झांबेझी नदीपर्यंत पोचायचं आणि नदीतून बोटीने थेट हिंदी महासागर गाठायचा. मधे व्हिक्टोरिया धबधबा आहे! शंभर मीटरहून उंच, आणि तो लिव्हिंग्स्टन या स्कॉटिश प्रवाशाने १८५५ मध्येच बघून लिहून ठेवलेला, म्हणजे तहाच्या ३५ वर्षं आधी. त्याच्या खालीही नदीत तेव्हा काहोरा बास्सासारखे खळाळ होतेच. तर बोट काही गेली नाही, पट्टी मात्र राहिली.

प्रश्न : दादरा नगर हवेली काही वर्षं स्वतंत्र देश होता आणि त्याचा पंतप्रधान एक दिवसाचा होता, असं एका क्विझमध्ये ऐकलं. खरं का? (वाचक, वापी)

अर्धे मार्क. पंतप्रधानाचं खरं आहे, देशाचं नाही, कारण कुणी मान्यताच दिली नव्हती. पण हे प्रकरण मला फार आवडतं कारण त्याचं मूळ थेट पेशवाईत आहे, त्यामुळे जरा लांबण लावतो.

१७७९ मध्ये पेशवे आणि पोर्तुगीज यांच्यात तह झाला, त्यात मैत्रीखातर दमण भागातल्या काही गावांचा वर्षाला १२,००० रुपयांचा महसूल पोर्तुगीजांना द्यायचं ठरलं. नगर हवेलीची गावं १७८३ ला आणि दादरा १७८५ ला त्यांच्याकडे गेलं. पुढे १८१८ ला पेशवाई बुडाली, इंग्रज आले, त्यांना या कोपऱ्यात रस नव्हता, पोर्तुगीज हळूहळू मालक असल्यासारखे वागायला लागले आणि इंग्रजांनी ते चालवूनही घेतलं. गंमत भूगोलाची. हा मुलूख समुद्राला लागत नाही, दमणहून तिथे जायचं तर मधे ब्रिटिश, नंतर भारताची जमीन तुडवावी लागायची.

१९५४ च्या जुलैमध्ये पोर्तुगीजांविरुद्ध लढणाऱ्या आझाद गोमंतक दल आणि इतर गटांच्या कार्यकर्त्यांनी आधी दादरा घेतलं आणि २ ऑगस्टला नगर हवेलीचं मुख्य ठिकाण सिल्वासा. यात पुण्या-मुंबईची बरीच मंडळी होती, बाबूजी म्हणजे सुधीर फडके स्वतः होते आणि निधीसाठी लतादीदींनी पुण्यात कार्यक्रम केला होता. भारत सरकारने स्वतः सैन्य घातलं नाही, फक्त दमणहून कुमक जायला वाट दिली नाही, आणि तेवढं पुरलं.

पोर्तुगाल १९५५ च्या डिसेंबरात संयुक्त राष्ट्रांचा सदस्य झाला आणि आठवड्याभरातच हेगला केस ठोकली की आम्हाला वाटेचा हक्क आहे. आता बघा, हेगच्या कोर्टात विसाव्या शतकात १७७९ च्या मराठा तहाचा कीस पाडला जातोय. पोर्तुगीज म्हणत होते की पेशव्यांनी आम्हाला सार्वभौमत्व दिलं. भारताची बाजू मांडणारे ॲटर्नी जनरल सेटलवाड, आणि भारताने नेमलेले न्यायाधीश होते मुंबई हायकोर्टातले छागला. १२ एप्रिल १९६० चा निकाल मोठा मजेशीर आहे : पेशव्यांनी दिला तो फक्त सरंजाम, महसुलाचा हक्क, मालकी नाही. पण नंतर इंग्रजांनी पोर्तुगीजांची सत्ता मानली म्हणून ती खरी. खाजगी माणसं, मुलकी अधिकारी आणि माल न्यायचा हक्क आहे, सैन्य, हत्यारी पोलीस आणि दारूगोळा न्यायचा नाही. आणि १९५४ मध्ये वाट अडवून भारताने काही मोडलं का, तर ९ विरुद्ध ६ मतांनी, नाही. दोघांनीही आपण जिंकलो म्हणून सांगावं असा निकाल.

या काळात कारभार वरिष्ठ पंचायत चालवत होती. १९६१ मध्ये विलीन व्हायचं ठरलं तेव्हा कागदावर पेच आला, नेहरूंच्या बरोबरीने करारावर सही करायला समोर कुणीतरी पंतप्रधान हवा. मग बदलानी नावाच्या आयएएस अधिकाऱ्याला एका दिवसापुरता दादरा नगर हवेलीचा पंतप्रधान केलं आणि काम उरकलं. सरकारी खात्यात प्रॉब्लेम असा सुटलेला मी तरी दुसरा ऐकलेला नाही. हे सगळं ऑगस्टमध्ये झालं, म्हणजे गोवा सुटायच्या चार महिने आधी.

प्रश्न : क्रोएशियाचा किनारा मधेच तुटलेला का दिसतो? (वाचक, ठाणे)

तिथे नेउम आहे, बोस्नियाचा जेमतेम २० किलोमीटरचा किनारा. १६९९ च्या कार्लोवित्झ तहाच्या वेळी दुब्रोव्हनिकच्या (आज हे शहर क्रोएशियात आहे) व्यापारी प्रजासत्ताकाला शेजारच्या व्हेनिसची इतकी धास्ती होती की त्यांनी मधला तुकडा तुर्कांनाच देऊन टाकला (बोस्निया तेव्हा तुर्कांचाच), व्हेनिसपेक्षा सुलतान शेजारी परवडला. त्यामुळे क्रोएशियातून क्रोएशियात जायला दोनदा पासपोर्ट दाखवायला लागायचा. २०२२ मध्ये पेल्येशाट्सचा पूल झाला, आता वळसा घालून समुद्रावरून जातात.

प्रश्न : एखाद्या देशाच्या कॅलेंडरमधून अख्खा दिवस गायब झालाय का? (वाचक, न्यू जर्सी)

सामोआ. ३० डिसेंबर २०११, शुक्रवार, हा दिवस तिथे उगवलाच नाही, गुरुवारी झोपले आणि शनिवारी उठले. १८९२ मध्ये अमेरिकन व्यापाऱ्यांच्या सोयीसाठी ते तारखेच्या रेषेच्या अमेरिकेकडच्या बाजूला गेले होते, तेव्हा ४ जुलै दोनदा आला होता. नंतर धंदा सगळा ऑस्ट्रेलिया-न्यूझीलंडशी, आणि सामोआत शुक्रवार तर तिकडे शनिवारची सुट्टी, सामोआत रविवारचं चर्च तर तिकडे सोमवारचं ऑफिस, असे आठवड्याचे दोन दिवस वाया जायचे. शेजारचा अमेरिकन सामोआ जुन्याच तारखेला राहिला, त्यामुळे एकच वाढदिवस दोनदा साजरा करायची पॅकेज टूर निघाली नसती तरच नवल. याच सरकारने २००९ मध्ये गाड्या उजवीकडून डावीकडे आणल्या होत्या, कारण तेच, ऑस्ट्रेलियातून सेकंडहँड गाड्या स्वस्तात याव्यात. बसवाले मात्र भडकले होते, त्यांच्या बसचे दरवाजे आता रस्त्याच्या मधोमध उघडणार होते.