आठ महिन्यांच्या बाळाच्या वरणभातात चिमूटभर मीठ घातलं तर चालतं का?

तुमचं बाळ आठ महिन्यांचं आहे, सासूबाई वरणभातात ‘चिमूटभरच’ मीठ घालतात आणि नाही घातलं तर बाळ तोंड फिरवतं, असं तुम्ही लिहिलंय. मी डॉक्टर नाही. भांडुपला दोन खोल्यांत, सासूबाईंच्या देखरेखीखाली एक लेक वाढवली, एवढीच माझी पात्रता.

वर्षाचं होईपर्यंत वरून मीठ घालू नका. बाळाला लागणारं सोडियम आईच्या दुधातून आणि डाळ-तांदूळ-भाज्यांतून मिळतं. मूत्रपिंडं अजून कच्ची असतात, जादा मीठ बाहेर टाकणं त्यांना जड जातं. शिवाय खारट चवीची सवय लागते ती याच वयात.

आमच्याकडेही हाच वाद होता. ‘अळणी खाऊन पोरीच्या अंगात ताकद कुठून येणार? माझी पोरं काय हवेवर वाढली?’ मी उलट बोलले नाही. केकसाठी आणलेला छोटा वजनकाटा ओट्यावर ठेवला आणि म्हटलं, आई, तुम्ही वरणात घालता तशा दहा चिमटी यात टाका. काटा ४ ग्रॅमवर थांबला. म्हणजे एक चिमूट ०.४ ग्रॅम. दिवसातून तीनदा भरवलं तर १.२ ग्रॅम. ब्रिटनची सरकारी आरोग्यसेवा एक वर्षाखालच्या बाळासाठी सगळं धरून दिवसाला १ ग्रॅमपेक्षा कमी मीठ सांगते, १ ते ३ वर्षांसाठी २ ग्रॅम. मोठ्या माणसांनाच जागतिक आरोग्य संघटनेने ५ ग्रॅमच्या आत राहायला सांगितलंय. सासूबाई काट्याकडे बघत म्हणाल्या, ‘माझी बोटंच जाड आहेत गं.’ त्या दिवसापासून वाद मिटला. (पूर्ण नाही. पण मिटला.)

खरं तर आपल्या स्वयंपाकात हे फार सोपं आहे. डाळ कुकरला लावताना आपण मीठ घालतो का? हळद, हिंग, तेलाचा थेंब. भातही बहुतेक घरांत बिनमिठाचाच. मीठ पडतं ते डाळ घोटल्यावर. मग घोटून झाली की आधी बाळाची वाटी काढायची, बाकीच्यात मीठ घालून फोडणी द्यायची. वेगळा स्वयंपाक नाही, वेगळं भांडं नाही. सकाळी ऑफिसची लोकल पकडायची असेल तर हे महत्त्वाचं. भाजीचंही तसंच: दुधी, लाल भोपळा, गाजर शिजलं की बाळापुरत्या फोडी आधी बाजूला.

चव हवीच असेल तर साजूक तूप, जिऱ्याची पूड, किंचित हिंग, तुपात परतलेली लसणाची पाकळी. नाचणीच्या खिरीत मीठही नको आणि साखरही नको. पिकलेलं केळं कुस्करून घाला. मध तर वर्षाच्या आत अजिबात नको, त्यातून बाळांना गंभीर विषबाधा होऊ शकते.

तोंड फिरवण्याचं म्हणाल, तर ते दरवेळी मिठासाठी नसतं. कधी घास घट्ट असतो, कधी पोट भरलेलं असतं, कधी नुसता मूड नसतो. नवी चव पटायला बाळाला आठ-दहा वेळा तरी द्यावी लागते. चिमूटभर मिठाची सवय लागलेली असेल तर एकदम बंद करा, चार-पाच दिवस कुरकुरेल आणि विसरेल. माझी लेक तरी विसरली.

मला जास्त भीती दुसऱ्याच मिठाची वाटते. पाळणाघरात लेकीच्या हातात रोज खारी नाहीतर बिस्किट देत होते, हे मला महिनाभराने कळलं. पाव, पिवळं खारं बटर, चीज, पापडाचा तुकडा, आमटीचं वरचं पाणी, सुकटीच्या कालवणात बोट बुडवून चाटवणं, सगळीकडे मीठ आहे. पाकिटावर सोडियम मिलिग्रॅममध्ये असतं. त्याला अडीचने गुणा, मीठ मिळेल. ४०० मिलिग्रॅम सोडियम म्हणजे जवळपास १ ग्रॅम मीठ. सैंधव ‘हलकं’ असतं म्हणून चालतं असं शेजारच्या काकू सांगतील. तेही मुळात सोडियम क्लोराइडच.

मग आयोडीनचं काय, हा प्रश्न माझ्या जावेने विचारला होता. अंगावर पाजत असाल तर तुम्ही स्वतः आयोडीनयुक्त मीठ खा, ते दुधातून बाळापर्यंत जातं. वरचं दूध चालू असेल तर डॉक्टरांना विचारा.

आणि एक गोष्ट घरच्या मोठ्यांना आधीच सांगून ठेवा. जुलाब झाले आणि डॉक्टरांनी ओआरएस दिलं तर ‘त्यात मीठ असतं’ म्हणून अडू नका. ते औषध आहे, पाकिटावर लिहिलंय तेवढ्याच पाण्यात कालवून द्यायचं.