‘इंडियन मास्टर्स’चा २००९ चा विजेता सापडत नाही – उत्तर

तुमची पोस्ट वाचून राहवलं नाही. पुण्यात बसून ‘इंडियन मास्टर्स’ या दिल्लीच्या बंद पडलेल्या गोल्फ स्पर्धेच्या विजेत्यांची जंत्री जुळवायची, २००९ ची ओळ रिकामी, आणि कार्यालयाकडून उत्तर नाही. मीही अगदी इथेच अडकलो होतो.

२००९ चा विजेता शोधू नका, स्पर्धा झालीच नाही. प्रायोजक मागे हटला आणि ‘इंडियन मास्टर्स’ एका वर्षातच संपली. ती एकदाच झाली: फेब्रुवारी २००८, दिल्ली गोल्फ क्लब, बक्षिसाची रक्कम २५ लाख डॉलर, विजेता एसएसपी चौरासिया. वडील रॉयल कलकत्ता गोल्फ क्लबवर ग्रीनकीपर, म्हणजे मैदानाची निगा राखणारे, आणि मुलगा युरोपियन टूरची, म्हणजे युरोपातल्या व्यावसायिक गोल्फ मालिकेतली स्पर्धा जिंकतो! अशा स्पर्धेची एका जागी नीट नोंद नसावी, याचा मला अजूनही त्रास होतो.

त्याच महिन्याच्या अखेरीला गुडगावच्या डीएलएफ गोल्फ मैदानावर ‘जॉनी वॉकर क्लासिक’ सुरू झाली. ती मार्क ब्राउनने जिंकली. ती वेगळी स्पर्धा. बातम्यांची कात्रणं लावताना या दोन्हींची सरमिसळ हमखास होते. १९६४ पासूनची ‘इंडियन ओपन’ तर तिसरीच.

२०१० ते २०१३ ‘अवंथा मास्टर्स’: अनुक्रमे अँड्र्यू डॉड्ट, चौरासिया, जेबी क्रूगर, थॉमस ऐकेन. पहिली तीन वर्षं डीएलएफ, शेवटचं ग्रेटर नोएडाचं जेपी ग्रीन्स. ही ‘इंडियन मास्टर्स’चीच पुढची आवृत्ती धरायची का, असं तुम्ही विचारलंय. माझ्या मते नाही. प्रायोजक वेगळा, मैदान वेगळं, मध्ये एक वर्ष खंड. अर्थात हे माझं मत. एकाच तक्त्यात द्यायचं असेल तर मध्ये ठळक रेघ मारा.

आता कार्यालयाबद्दल. नाव घेत नाही, पण ज्यांच्याकडे कागद असायला हवेत असं कुणालाही वाटेल, तिथेच मी गेलो. आधी त्यांनी माझ्याकडे संस्थेचं पत्र मागितलं. पत्र दिलं तर ते दुसऱ्या विभागाकडे गेलं, तिथले साहेब रजेवर. मग नवा अर्ज. शेवटी कळलं की प्रायोजकाबरोबर कागदही गेले, त्यांच्याकडे काहीच नव्हतं. हे पहिल्याच दिवशी सांगता आलं असतं! या सगळ्यात वेळ गेला त्याचं एवढं नाही. पण तेवढ्या काळात, स्पर्धेच्या वेळी स्कोअरिंगला असलेल्या एका गृहस्थांनी घर बदललं आणि त्यांच्याकडचे ड्रॉ-शीट (कोण कुणाबरोबर, किती वाजता खेळणार त्याचे तक्ते), स्कोअरकार्ड रद्दीत गेले. ते परत मिळणार नाहीत. मला सर्वांत महाग पडलं ते हे.

म्हणून सांगतो, कार्यालयाला एक ईमेल टाका आणि विसरून जा. स्पर्धेच्या नावामागे न लागता खेळाडूच्या मागे लागा. स्पर्धा बंद पडली तरी विजेत्याच्या कारकिर्दीची नोंद राहते. चौरासियाची युरोपियन टूरवरची चार विजेतेपदं घ्या: २००८, २०११, आणि २०१६, २०१७ ची इंडियन ओपन. चारही भारतात. एवढ्यावरून निम्मी साखळी जुळते. मग उपविजेत्यांकडून उलट तपासा. २०१३ ला ऐकेनच्या मागे आपला गगनजीत भुल्लर होता.

वर्तमानपत्रांच्या बांधीव फायली पेठेतल्या जुन्या ग्रंथालयांत चाळायला मिळतात, पण आधी फोन करून जा. आणि फोटो काढताना पानावरची तारीख चौकटीत येऊ द्या. बातमी सोमवारच्या अंकात शोधा, शेवटची फेरी रविवारी असते. बक्षिसाचे आकडे रुपयांत बदलू नका: २००८ चे डॉलरमध्ये आहेत, अवंथाचे युरोत.

येरवड्याच्या पूना क्लबच्या गोल्फ कोर्सवर जुने कॅडी, म्हणजे खेळाडूंच्या बॅगा वाहणारे मदतनीस, भेटले तर त्यांच्याशी जरूर बोला, आणि कुणाकडे जुनं कार्ड, पास, काहीही निघालं तर तिथल्या तिथे फोटो घ्या. ‘पुढच्या वेळी आणतो’ म्हणाले तरी त्यांच्याबरोबर घरी जा.