सोनारमुळे डॉल्फिन मरतात, हे खरं आहे का?

तुम्ही विचारलंय : "तारकर्लीला डॉल्फिन बघायला गेलो होतो. बोटवाला म्हणाला, हे कानांनी बघतात, आणि नौदलाच्या सोनारने यांचे कान फुटतात म्हणून किनाऱ्यावर येऊन मरतात. खरं आहे का हे?"

सोनार म्हणजे पाण्यात आवाज सोडून, परत आलेल्या प्रतिध्वनीवरून पाणबुडी शोधणारं यंत्र. बोटवाल्याची पहिली गोष्ट शंभर टक्के खरी. दुसरी अर्धी खरी. जो अर्धा भाग चुकलाय तोच नीट समजून घ्यायला हवा, कारण काय केलं तर हे थांबेल ते त्यावरच ठरतं. म्हणून उत्तर जरा लांबणार आहे.

मी देवगडचा. बावीस वर्षं व्यापारी जहाजांवर काढली. सेकंड ऑफिसर असताना रात्री बारा ते चारची वॉच माझ्याकडे असायची. अरबी समुद्रात काही रात्री पाणी हललं की निळं-हिरवं चमकतं. अशाच एका रात्री वॉच संपवून मी फोक्सलवर, म्हणजे जहाजाच्या पुढच्या टोकाच्या डेकवर गेलो आणि खाली वाकून पाहिलं. जहाजाच्या नाकापुढे सात-आठ उजेडाच्या रेघा पळत होत्या, एकमेकींना ओलांडत, वळत, जहाजाच्या पोलादापासून हातभर अंतरावरून. डॉल्फिनच होते. अमावास्येचा अंधार, आणि एकही कुठे घासला नाही. हे कसं जमतं, हा प्रश्न त्या रात्रीपासून माझ्या डोक्यात बसला. सुट्टीवर आलो की मिळेल ते वाचत गेलो.

डॉल्फिन कानांनी बघतात हे माणसाला कळलं ते जाळ्यांमुळे. फ्लोरिडात मत्स्यालयासाठी डॉल्फिन पकडणारे आर्थर मॅकब्राइड यांनी १९४७ मध्ये टिपून ठेवलं होतं की रात्रीच्या गढूळ पाण्यातही हे प्राणी बारीक जाळं दुरूनच टाळतात. त्यांची ती टिपणं १९५६ मध्ये, त्यांच्या मृत्यूनंतर छापली गेली. पुढे १९६० च्या सुमारास केनेथ नॉरिस यांनी एका पाळीव डॉल्फिनच्या डोळ्यांवर रबरी वाट्या चिकटवल्या. डोळे पूर्ण झाकलेले असूनही ती टाकीतल्या अडथळ्यांमधून सहज पोहत गेली.

हे चालतं कसं? डॉल्फिनच्या डोक्यावर श्वासाचं एक भोक असतं. त्याच्या खाली, नाकाच्या वाटेत, ओठांसारख्या मांसल पट्ट्यांच्या दोन जोड्या असतात. त्यांच्यातून हवा दाबून सोडली की 'टक्' असा क्षणभराचा, उंच पट्टीतला आवाज होतो. कपाळातला चरबीचा गोळा भिंगासारखं काम करतो आणि तो आवाज टॉर्चच्या झोतासारखा पुढे फेकतो. समोरच्या माशावर आपटून परत आलेला प्रतिध्वनी प्रामुख्याने खालच्या जबड्यातून आत जातो. बाहेरचा कान त्यांना नाहीच, नुसतं टाचणीएवढं छिद्र असतं. जबड्याचं हाड मागच्या बाजूला पातळ आणि पोकळ असतं, त्यात चरबी भरलेली असते, आणि ती आवाज थेट आतल्या कानापर्यंत पोचवते. प्रतिध्वनी परत आला की मग पुढचा 'टक्'. मासा जसजसा जवळ येतो तसतसे हे ठोके दाट होत जातात. शेवटच्या क्षणी सेकंदाला शेकडो होतात आणि नुसती भुणभुण ऐकू येते.

आमच्या ब्रिजवरचा, म्हणजे जहाज चालवण्याच्या खोलीतला इको साउंडरही याच तत्त्वावर चालतो. आवाज तळाकडे सोडायचा, परत यायला लागलेला वेळ मोजायचा, की खोली कळली. पण इको साउंडर मला एक आकडा देतो. डॉल्फिनला कळतं ते कितीतरी जास्त. साडेसात सेंटिमीटरचा, म्हणजे साधारण क्रिकेटच्या चेंडूएवढा धातूचा गोळा त्यांनी शंभर मीटरवरून ओळखल्याची नोंद आहे. दिसायला सारख्या दोन नळ्यांच्या पत्र्याच्या जाडीत मिलिमीटरच्या एक तृतीयांशाहून कमी फरक असला, तरी तो त्यांना कळतो. २००३ मध्ये इराकच्या उम्म कस्र बंदरात पाण्यातले सुरुंग शोधायला अमेरिकेच्या नौदलाने डॉल्फिन आणले ते यामुळेच.

आता बोटवाल्याच्या दुसऱ्या गोष्टीकडे येतो. त्याआधी थोडं गणित.

समुद्राच्या पाण्यात आवाज सेकंदाला सुमारे १,५०० मीटर जातो. बाटलीसारख्या तोंडाच्या डॉल्फिनचे ठोके १०० किलोहर्ट्झच्या (सेकंदाला एक लाख कंपनांच्या) पलीकडे जातात. माणसाला २० च्या पुढे काही ऐकू येत नाही. १०० किलोहर्ट्झच्या लाटेची लांबी दीड सेंटिमीटर भरते, म्हणून बारीक मासासुद्धा तिच्यात सापडतो. पण असा आवाज पाण्यात लवकर विरतो, काहीशे मीटरच्या पुढे तो कामाचा राहत नाही. नौदलाला पाणबुडी शोधायची असते, तीही कित्येक किलोमीटर दूरची. त्यामुळे त्यांचा सोनार खालच्या पट्टीत, साधारण १ ते १० किलोहर्ट्झमध्ये वाजतो. म्हणजे सोनारमुळे डॉल्फिनच्या ठोक्यांत गोंधळ होतो आणि ते वाट चुकतात, हे जे सगळीकडे लिहिलेलं असतं, ते पट्टीच्या हिशोबात बसत नाही. दोन्ही आवाज फार वेगळ्या पट्टीत आहेत.

मग कान फुटतात का? बातम्यांत '२३५ डेसिबल' हा आकडा देऊन शेजारी जेट विमानाची तुलना असते. ती तुलना चूक आहे. पाण्यातले डेसिबल वेगळ्या मापाने मोजतात. हवेशी तुलना करायची तर त्यातून साधारण ६२ वजा करावे लागतात. डॉल्फिनचा स्वतःचा ठोकाही पाण्यातल्या मापाने २२० च्या आसपास जातो. फरक एवढाच की तो सेकंदाच्या लाखाव्या भागाच्या हिशोबात संपतो आणि सोनारची हाक सेकंदभर लांबते, मग पुन्हा येते. सोनारच्या अगदी जवळ सापडलेल्या प्राण्याच्या कानाला इजा होऊ शकते, यात शंका नाही. पण जिथे प्राणी खरोखर मेले तिथे घडलं ते वेगळंच.

मे १९९६ मध्ये ग्रीसच्या किपारिसिया आखातात चोचवाले देवमासे, म्हणजे डॉल्फिनसारखी चोच असलेले खोल पाण्यातले देवमासे, विखरून किनाऱ्याला लागले. त्याच दिवसांत नाटोच्या सोनारची तिथे चाचणी चालू होती. मार्च २००० मध्ये बहामा बेटांवर दीड दिवसात १७ प्राणी किनाऱ्यावर आले, बहुतेक पुन्हा चोचवालेच. काही ताजी शवं मिळाली. त्यांच्या कानांभोवती आणि मेंदूच्या आवरणाजवळ रक्तस्राव दिसला. 'कान फुटतात' ही कथा बहुधा तिथूनच निघाली असावी. पण अमेरिकेच्या नौदलाने आणि मत्स्य खात्याने मिळून काढलेल्या अहवालात दोन गोष्टी होत्या. एक, युद्धनौकांचा सोनार हेच सर्वांत पटणारं कारण. दोन, त्या जखमा जिवावर बेतणाऱ्या नव्हत्या; प्राणी मेले ते किनाऱ्यावर अडकून, अंग तापून. नौदलाने स्वतःच्या नावावर हे मान्य करणं मला मोठी गोष्ट वाटते.

सप्टेंबर २००२ मध्ये स्पेनच्या कॅनरी बेटांजवळ नाटोचा सराव चालू असताना १४ चोचवाले किनाऱ्यावर आले. तिथल्या पशुवैद्यांनी तातडीने शवविच्छेदन केलं. रक्तवाहिन्यांत आणि अवयवांत वायूचे बुडबुडे सापडले. खोल पाण्यातून घाईने वर आलेल्या पाणबुड्या माणसाला जे होतं, त्याच्याशी हे जुळत होतं.

म्हणजे काय झालं असावं? चोचवाला देवमासा हा सगळ्यात खोल बुडी मारणारा सस्तन प्राणी. त्याच्या बुडीची नोंद २,९९२ मीटरची आहे, आणि एक बुडी तर २२२ मिनिटांची. एवढ्या खोलीवरून येताना रक्तातल्या नायट्रोजनचे असे बुडबुडे होऊ द्यायचे नसतील तर वर येण्याची एक ठरलेली चाल लागते. हा प्राणी भित्रा आहे. त्याचा वैरी म्हणजे किलर व्हेल, आणि त्याच्या हाका सोनारच्याच पट्टीत येतात. बहामातल्या एका सराव-क्षेत्रात प्रयोग झाले. सोनार वाजला की चोचवाल्यांनी शिकार अर्ध्यात सोडली, ठोके बंद केले आणि दूर निघून गेले. परत यायला दोन-तीन दिवस लागले. किलर व्हेलचा रेकॉर्ड केलेला आवाज ऐकवला, तेव्हाही ते असेच पळाले.

म्हणून मी म्हणतो : सोनार त्यांना बहिरं करून मारत नाही, घाबरवून मारतो. घाबरलेला प्राणी आपली चाल मोडतो. मग पळायला जागा आहे की नाही, यावर सगळं ठरतं. एका बाजूला जमीन आणि दुसऱ्या बाजूला सोनार असेल तर तो जमिनीकडे जातो.

हे कारण बरोबर असेल तर उपायही सोपा असायला हवा, आणि तो निघालाही. स्पेनने २००४ मध्ये कॅनरी बेटांभोवती ५० सागरी मैलांत सोनार बंद केला. त्यानंतर तिथे चोचवाल्यांचं असं सामूहिक किनाऱ्याला लागणं थांबलं. वीस वर्षं होऊन गेली. मी नौदलाच्या विरोधात नाही. पाणबुड्या शोधाव्या लागतात हे मला कळतं. पण सराव कुठे करायचा हे नकाशावर ठरतं, आणि नकाशावर थोडं सरकायला फारसं काही लागत नाही.

किनाऱ्याला लागलेला प्रत्येक प्राणी सोनारच्या खात्यावर टाकू नका, ही मात्र विनंती. अ‍ॅरिस्टॉटलच्या काळातही डॉल्फिन किनाऱ्यावर येत होते. तमिळनाडूत तुतिकोरिनजवळ जानेवारी २०१६ मध्ये डॉल्फिनच्याच कुळातले ८० हून जास्त पायलट व्हेल आले, तसेच त्याच भागात जानेवारी १९७३ मध्ये १४७ आले होते. पायलट व्हेल कळप सोडत नाहीत. एक चुकला की सगळे त्याच्यामागे येतात.

आता तुमच्या मनात येईल : आवाजाला घाबरतात, तर तुमच्या जहाजापुढे खेळायला कशाला येत होते? मलाही हाच प्रश्न पडला होता. ते स्वतःहून येत होते. कंटाळा आला की एका वळणात दिसेनासे होत. चारही बाजूंना मोकळा समुद्र होता.

गंगेतल्या सूंसला ती सोय नाही. हा डॉल्फिन जवळजवळ आंधळा असतो, त्याच्या डोळ्यात भिंगच नसतं. तो पूर्णपणे प्रतिध्वनीवर जगतो. २०२५ मध्ये जाहीर झालेल्या गणनेत गंगा-ब्रह्मपुत्रेच्या खोऱ्यात ते ६,३२४ भरले. उन्हाळ्यात नदी आटते, तो उरलेल्या डोहांमध्ये अडकतो आणि त्याच डोहांवरून मालवाहू जहाजं जातात. प्रोपेलरभोवती फुटणाऱ्या बुडबुड्यांचा आवाज वरच्या पट्ट्यांतही पसरतो, म्हणजे त्याच्या ठोक्यांवरच येतो. भारतीय संशोधकांनी २०१९ मध्ये दाखवलं की जहाजांच्या गोंगाटात त्याच्या शरीरावरचा ताण दुपटीहून जास्त वाढतो, आणि पाणी उथळ असेल तर आणखी. इथे सोनारची गरजच नाही, साधं इंजिन पुरतं. ज्याने अर्धं आयुष्य इंजिनाच्या आवाजात काढलं, त्याला हे वाचून झोप लागली नाही. वेग कमी केला की हा आवाज कमी होतो, हे प्रत्येक खलाशाला माहीत असतं.

तारकर्लीला तुम्हाला दिसले ते कुबडवाले डॉल्फिन. हे किनाऱ्याला धरून, उथळ पाण्यात राहतात, आणि जागतिक यादीत 'संकटग्रस्त' आहेत. त्यांचा मोठा शत्रू सोनार नाही, मासेमारीची जाळी आहेत. आपल्याकडे मेलेला डॉल्फिन सापडतो तो बहुधा सडलेला असतो, आणि आतला कान व बुडबुडे दोन्ही लवकर नाहीसे होतात, म्हणून कारण कळायचं राहून जातं. तुम्हाला कधी ताजा दिसला तर फोटो काढत न बसता वनविभागाच्या १९२६ वर फोन करा. जिवंत असेल तर ओलं फडकं पाठीवर टाका, पण वरचं श्वासाचं भोक झाकू नका.

आणि पुन्हा तारकर्लीला गेलात तर बोटवाल्याला एवढंच सांगा : कळप दिसला की त्याच्या मागे लागू नको, दूर थांब आणि इंजिन बंद कर. पाचेक मिनिटं गप्प बसा. त्यांना यायचं असेल तर ते येतील, आणि त्यांचा श्वास सोडल्याचा 'फुस्स' आवाज तुम्हाला बोटीत बसून स्पष्ट ऐकू येईल.