वाचकांचे प्रश्न : युद्धाचे कर्ज कोणाच्या माथी?

युद्ध आणि कर्ज यांच्या संबंधाविषयी आलेल्या पत्रांपैकी चार पत्रांना या अंकात उत्तरे देत आहोत.

प्रश्न : पेशवे कायम कर्जात बुडालेले असत, हे आपण शाळेपासून वाचतो. त्याच शतकात इंग्लंडवरही प्रचंड कर्ज होते, असे अलीकडे वाचनात आले. मग कर्जाने एक राज्य खचले आणि दुसरे वाढले, हे कसे?
– एक वाचक, सातारा

उत्तर : थोरल्या बाजीरावांनी धावडशीच्या ब्रह्मेंद्रस्वामींना लिहिलेले एक पत्र प्रसिद्ध आहे. आपण कर्जाच्या नरकात पडलो आहोत आणि सावकारांच्या व शिलेदारांच्या (स्वतःचा घोडा घेऊन चाकरी करणाऱ्या स्वारांच्या) पाया पडता पडता कपाळाचे कातडे निघाले आहे, अशा आशयाचा मजकूर त्यात आहे. नर्मदेपलीकडे मुलूख जिंकणारा सेनापती हे लिहितो, आणि तेही ज्यांच्याकडून त्याने स्वतः व्याजाने पैसे घेतले होते त्या गुरूंना लिहितो, हे वाचताना आजही मन अस्वस्थ होते.

ही वेळ उधळपट्टीमुळे आलेली नव्हती. दसऱ्यानंतर फौज बाहेर पडायची, तर शिलेदारांना नालबंदी, म्हणजे मोहिमेच्या तयारीसाठीची आगाऊ रक्कम, आधी द्यावी लागे, रोजची वैरण आणि धान्य रोख पैशांनी घ्यावे लागे, आणि चौथाई किंवा खंडणीची रक्कम मात्र मोहीम सरल्यावर, तीही ठरल्यापेक्षा कमी, हाती येई. मधले महिने सावकाराच्या पैशांवर काढावे लागत. न्यायमूर्ती रानडे यांनी पेशव्यांच्या दप्तरावरून काढलेल्या हिशेबाप्रमाणे १७४० ते १७६० या वीस वर्षांत नानासाहेबांनी सुमारे दीड कोटी रुपयांचे कर्ज काढले, आणि त्यावर व्याजाचा दर १२ ते १८ टक्के होता. पानिपताच्या मोहिमेत तर पैशाची चणचण इतकी होती की ऑगस्ट १७६० मध्ये दिल्लीच्या लाल किल्ल्यातील दिवाण-ए-खासचे चांदीचे छत उतरवून सदाशिवरावभाऊंना त्याची नाणी पाडावी लागली. सुमारे नऊ लाख रुपये त्यातून मिळाले, पण एवढ्या मोठ्या फौजेला ते फार दिवस पुरणारे नव्हते. पुढे थोरल्या माधवरावांनी राज्य सावरले, तरी थेऊर येथे अखेरचे दिवस मोजत असताना मागे राहणाऱ्यांसाठी त्यांनी जी कलमे लिहवून घेतली, त्यांत आपले कर्ज फेडावे हे कलम होतेच.

आता इंग्लंडकडे पाहू. १६९४ मध्ये फ्रान्सशी युद्ध चालू असताना राजा तिसरा विल्यम याच्या सरकारला पैसा हवा होता आणि राजाच्या शब्दावर उसने देण्यास कोणी फारसे तयार नव्हते. तेव्हा लंडनच्या व्यापाऱ्यांनी एक मंडळी उभारून सरकारला १२ लाख पौंड ८ टक्के व्याजाने दिले. हीच बँक ऑफ इंग्लंड. वर्षाला ९६ हजार पौंड व्याज आणि ४ हजार पौंड व्यवस्थापन खर्च, असे एक लाख पौंड दरसाल द्यायचे होते, आणि त्यासाठी जहाजांवरील व मद्यावरील ठरावीक कर पार्लमेंटने कायद्यानेच बांधून दिले. हे कर्ज राजाचे खासगी देणे राहिले नाही. राजा मेला तरी, मंत्री बदलले तरी, कराची ती रक्कम व्याजासाठीच राखीव असे. कर्ज देणाऱ्यांचा भरवसा असा बसल्यामुळे अठराव्या शतकाच्या मध्यापर्यंत इंग्लंडचे सरकार तीन टक्क्यांच्या आसपास पैसा उभा करू लागले होते. सप्तवार्षिक युद्ध संपले तेव्हा, १७६३ मध्ये, त्याच्यावर सुमारे १३ कोटी पौंडांचे कर्ज होते, तरीही सरकारचे कर्जरोखे घेणाऱ्यांची रांग तुटली नव्हती.

पेशव्यांचे कर्ज मात्र शेवटपर्यंत माणसाचे माणसाकडे असलेले देणे राहिले. सावकार बाजीरावांना किंवा माधवरावांना पाहून पैसे देई, आणि मसनदीवर कोण येईल याची त्याला खात्री नसे. या भरवशाचे पुढे काय झाले, ते १७९८ साली पुण्याने पाहिले. गादी मिळवून देण्याबद्दल दुसऱ्या बाजीरावांनी दौलतराव शिंद्यांना दोन कोटी रुपये कबूल केले होते आणि ते देण्याची ऐपत त्यांच्याकडे नव्हती. तेव्हा वसुलीचे काम शिंद्यांचे सासरे सर्जेराव घाटगे यांच्याकडे आले. त्यांनी शहरातील सावकार आणि सधन गृहस्थ घरांतून ओढून आणले, त्यांना मारहाण केली, तापवलेल्या तोफेला माणूस बांधण्यापर्यंत मजल गेली. ज्या शहरात पैसा बाळगणे हाच गुन्हा ठरतो, तिथे पुढच्या मोहिमेला कोण उसने देणार? याच सुमारास सुरतेचे सावकार ईस्ट इंडिया कंपनीच्या मुंबईकर सरकारला हुंड्यांवर पैसा पुरवत होते, कारण कंपनीकडून रक्कम वेळेवर परत येते हा त्यांचा अनुभव होता. बंगालचा महसूल १७६५ पासून कंपनीच्या हाती होता, आणि मुंबई व मद्रास इलाख्यांच्या लढायांना त्याचा आधार होता. १८०३ मध्ये असईच्या लढाईत कंपनीने मराठ्यांना हरवले, त्यामागे हेही बळ उभे होते, असे माझे मत आहे. शौर्याची तुलना करताना हे बहुधा विसरले जाते.

इंग्लंडची पद्धत म्हणून न्यायाची होती, असे मात्र समजू नये. नेपोलियनशी झालेल्या युद्धांनंतर तिथल्या महसुलाचा जवळजवळ निम्मा भाग व्याजातच जाई. १८१६ मध्ये पार्लमेंटने प्राप्तिकर रद्द केला, आणि साबण, मेणबत्त्या, मीठ, बिअर यांवरील कर चालूच राहिले. मेणबत्तीच्या उजेडात शिवणकाम करणारी बाई कर भरत होती आणि तो कर रोखे बाळगणाऱ्या जमीनदाराच्या घरी व्याजाच्या रूपाने पोहोचत होता.

प्रश्न : १८५७ चा उठाव मोडण्याचा खर्च भारताकडूनच वसूल केला गेला, हे खरे आहे का?
– एक वाचक, ग्वाल्हेर

उत्तर : होय, आणि हिशेब वाचताना संताप येईल इतक्या बारकाईने वसूल केला गेला. उठावापूर्वी हिंदुस्थान सरकारवर सुमारे सहा कोटी पौंडांचे कर्ज होते. पुढच्या तीनच वर्षांत ते दहा कोटींच्या घरात गेले. इथे लढलेल्या गोऱ्या पलटणींचा खर्च तर भारताच्या खात्यात मांडलाच, पण त्या पलटणी जहाजावर चढण्यापूर्वी इंग्लंडमध्ये होत्या त्या शेवटच्या सहा महिन्यांचा खर्चही मागितला गेला. हे ज्यांनी स्पष्ट शब्दांत मांडले ते सर जॉर्ज विंगेट, म्हणजे दख्खनमधील सारामोजणी ज्यांनी केली तेच अधिकारी. आपल्या शेतकऱ्याचा सारा किती बसतो हे त्यांना प्रत्यक्ष ठाऊक होते, आणि म्हणूनच त्यांच्या साक्षीला मोल आहे.

कंपनीचे राज्य गेले तरी तिच्या भागधारकांना साडेदहा टक्के लाभांश १८७४ पर्यंत मिळत राहिला, आणि तो भारताच्या महसुलातून. तूट भरून काढण्यासाठी हिंदुस्थान सरकारचे अर्थसदस्य जेम्स विल्सन यांनी १८६० मध्ये प्राप्तिकर बसवला. वर्षाला २०० रुपये मिळवणाराही त्यातून सुटला नाही. सैन्य वापरले जाई दुसऱ्याच्या कामासाठी आणि पगार निघे इथल्या तिजोरीतून, हेही पुढे चालू राहिले. १८६७-६८ च्या ॲबिसिनियाच्या (आजच्या इथिओपियाच्या) मोहिमेवर गेलेल्या हिंदी पलटणींचा नेहमीचा पगार भारतानेच दिला, त्या युद्धाशी इथल्या कोणाचाही काडीचा संबंध नसताना. १८९७ मध्ये भारताच्या खर्चाची चौकशी करणाऱ्या वेल्बी आयोगासमोर लंडनला साक्ष द्यायला गेलेले गोपाळ कृष्ण गोखले तेव्हा अवघ्या तिशीत होते. लष्करी खर्चाचा बोजा कोणावर आणि कोणाच्या संमतीने, हा मुद्दा त्यांनी तिथे आकड्यांनिशी मांडला. इंग्लंडच्या करदात्याचा निदान काही प्रतिनिधी पार्लमेंटमध्ये बसत होता. भारताच्या करदात्याचा एकही नव्हता.

प्रश्न : युद्धाचे कर्ज फिटायला साधारण किती वर्षे लागतात?
– एक विद्यार्थिनी, नागपूर

उत्तर : लढलेली पिढी बहुधा ते फिटलेले पाहत नाही. पहिल्या महायुद्धासाठी ब्रिटनने काढलेल्या रोख्यांपैकी शेवटचे मोठे रोखे, सुमारे १९० कोटी पौंडांचे, मार्च २०१५ मध्ये परत घेतले गेले. जर्मनीने युद्धभरपाईसाठी विसाव्या शतकात काढलेल्या रोख्यांचा अखेरचा हप्ता ३ ऑक्टोबर २०१० रोजी दिला. दुसऱ्या महायुद्धानंतर अमेरिकेकडून घेतलेले कर्ज ब्रिटनने २००६ च्या डिसेंबरअखेर फेडले. यांपैकी काही रोख्यांना मुद्दल परत करण्याची सक्तीची तारीखच नव्हती. व्याज देत राहिले की पुरे, अशी त्यांची घडण होती.

प्रश्न : दुसऱ्या महायुद्धानंतर इंग्लंडच भारताचे देणे लागत होते, असे वडील सांगत. यात तथ्य किती? आणि तो पैसा गेला कुठे?
– एक निवृत्त शिक्षक, बेळगाव

उत्तर : आपले वडील बरोबर सांगत होते. १९३९ मध्ये झालेल्या ठरावानुसार भारताच्या स्वतःच्या संरक्षणापलीकडचा खर्च ब्रिटनने द्यायचा होता. ब्रिटनने तो रोख दिला नाही. भारतातून कापड, तागाची पोती, धान्य आणि पोलाद उचलले जाई, त्याची रक्कम लंडनमध्ये रिझर्व्ह बँकेच्या नावे पौंडांत जमा केली जाई, आणि त्या जमेच्या आधारावर इथे नोटा छापून माल विकणाऱ्याला दिल्या जात. युद्धापूर्वी दोनशे कोटींच्या आसपास असलेल्या नोटा १९४५ पर्यंत हजार कोटींच्या पार गेल्या. बाजारात माल कमी आणि नोटा जास्त, त्यामुळे भाव भडकले. १९४३ च्या बंगालच्या दुष्काळामागे कारणे अनेक होती, पण मजुराच्या हातातील रुपयाने तांदूळ मिळेनासा झाला, त्यात या भाववाढीचा वाटा मोठा होता. सुमारे तीस लाख माणसे त्यात गेली. माझ्या मते ब्रिटनला दिलेले ते कर्ज खरोखर या माणसांच्या ताटातून दिले गेले होते, लंडनच्या खातेवहीत मात्र ते रिझर्व्ह बँकेचे येणे म्हणून लिहिले गेले.

त्याच १९४३ च्या ऑगस्टमध्ये चिंतामणराव देशमुख रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर झाले. हे येणे बुडू न देणे हे त्यांच्यापुढचे मोठे काम होते, कारण चर्चिल यांचा कल ब्रिटनने भारताचे रक्षण केल्याबद्दल उलट मागणी लावून ते वजा करावे असा होता. १९४४ मध्ये अमेरिकेतील ब्रेटन वुड्स येथे भरलेल्या आंतरराष्ट्रीय चलनविषयक परिषदेत भारतीय प्रतिनिधींनी हा प्रश्न जगापुढे ठेवला. तिथे त्याचा निकाल लागला नाही, परंतु देणे मान्य आहे हे ब्रिटनकडून उघडपणे वदवून घेतले गेले, आणि हे मला लहान यश वाटत नाही.

स्वातंत्र्य मिळाले तेव्हा भारताचे येणे शंभर कोटी पौंडांहून अधिक होते. ब्रिटनकडे एकदम द्यायला पैसा नव्हता, म्हणून दरवर्षी ठरावीक रक्कमच मोकळी होई. १९४८ च्या करारात त्यातून सुमारे दहा कोटी पौंड इथे मागे राहिलेल्या लष्करी सामानाच्या किमतीपोटी आणि सुमारे १६ कोटी ८० लाख पौंड इथून निवृत्त झालेल्या ब्रिटिश अधिकाऱ्यांच्या पेन्शनची तजवीज करण्यासाठी वळते झाले. पुढच्याच वर्षी, सप्टेंबर १९४९ मध्ये, पौंडाचे अवमूल्यन झाले आणि डॉलरच्या हिशेबाने शिल्लक रकमेची किंमत ३० टक्क्यांनी उतरली. उरलेला पैसा परदेशी धान्य आणि यंत्रसामग्री यांच्या आयातीत खर्च होत गेला, आणि दुसऱ्या पंचवार्षिक योजनेच्या पहिल्या एक-दोन वर्षांतच त्याचा बहुतेक भाग संपला.