वाचक विचारतात: काल्पनिक जगातली धर्मपोथी

प्रश्न : माझ्या कादंबरीत नायिकेला गुहेत दोन हजार वर्षांपूर्वीची धर्मपोथी सापडते. ती उघडते आणि वाचू लागते. संपादकांनी समासात नुसतं 'अशक्य' लिहून प्रकरण परत पाठवलं. अशक्य नेमकं काय?

'उघडते' आणि 'वाचू लागते', दोन्ही.

आधी उघडण्याचं बघू. ब्रिटिश लायब्ररीला 1994 मध्ये गांधार प्रदेशातल्या बौद्ध ग्रंथांच्या भूर्जपत्री गुंडाळ्या मिळाल्या. त्या इसवी सनाच्या पहिल्या शतकाच्या आसपासच्या, खरोष्ठी लिपीतल्या आणि मातीच्या भांड्यांत ठेवलेल्या होत्या. इतकं जुनं, कोरडं भूर्जपत्र हाताने उलगडायला गेलं की त्याच्या चिपल्या होतात. म्हणून त्या गुंडाळ्या आधी रात्रभर दमट हवेत ठेवून सैल केल्या, मग एकेक थर चिमट्याने सोडवून काचांमध्ये बसवला. तुमची नायिका घाईत असेल तर तिच्या हातात भुगाच येईल. (खरं तर प्रसंग म्हणून तो जास्त चांगला आहे.)

आता वाचण्याचं. दोन हजार वर्षांत लिपी ओळखू न येण्याइतकी बदलते. पण नायिकेला तो ग्रंथ लहानपणापासून मुखोद्गत असेल, तर वाट निघते. एखादं वारंवार येणारं नाव किंवा धृपद अक्षरांच्या पुनरावृत्तीवरून ओळखायचं आणि तिथून एकेक अक्षर सोडवत जायचं.

आणखी एक सूचना. ग्रंथाचं वय वेगळं, हातातल्या पोथीचं वय वेगळं. उष्ण आणि दमट राज्यात ताडपत्र काही शतकंच टिकतं, मग त्याची नक्कल करावी लागते. तिथे ग्रंथ दोन हजार वर्षांचा आणि पोथी तीनशे वर्षांची, हेच खरं वाटेल. मूळ प्रत हवीच असेल तर गुहा कोरड्या वाळवंटात न्या.

प्रश्न : चोवीस हजार श्लोकांची पोथी नायक काखेत मारून पळतो, हे चालेल का?

हिशेब करा. ताडपत्राचं पान साधारण 40 सेंटिमीटर लांब आणि 4 सेंटिमीटर रुंद धरू. एका बाजूला पाच ओळी, ओळीत पन्नास अक्षरं, म्हणजे दोन्ही बाजू मिळून पाचशे. बत्तीस अक्षरांचा श्लोक धरला तर पानावर पंधरा बसतात. चोवीस हजार श्लोकांना सोळाशे पानं लागतील. अर्ध्या मिलिमीटरचं पान धरलं तरी ऐंशी सेंटिमीटर उंचीचा ढीग होतो आणि वरून लाकडी फळ्या. तीन हजार श्लोक केलेत तर दहा सेंटिमीटरचा गठ्ठा होईल, तो घेऊन खुशाल पळू द्या.

चामड्यावर लिहायचं तर खर्चही कथेत यायला हवा. इंग्लंडमध्ये 700 सालाच्या सुमारास लिहिलेल्या 'कोडेक्स अमियाटिनस' या बायबलला हजाराहून अधिक पानं आहेत आणि त्यासाठी पाचशेच्या वर वासरांची कातडी लागली असावीत. ज्या मठाकडे गुरं नाहीत, त्याच्याकडे असा ग्रंथ कुठून येणार?

प्रश्न : भविष्यवाणीचा अर्थ दोन पंथ वेगवेगळा लावतात, असं कथानक आहे. मुद्दाम संदिग्ध लिहिलं की कृत्रिम वाटतं. काय करू?

संदिग्धता ऋषीच्या माथी मारू नका, नक्कल करणाऱ्याच्या माथी मारा. जुन्या पोथ्यांत शब्द सुटे लिहीत नसत. 'तोवरनये' एवढी अक्षरं घ्या. एक पंथ वाचेल 'तोवर न ये', म्हणजे तोपर्यंत येणार नाही. दुसरा वाचेल 'तो वर न ये', म्हणजे तो वर येणार नाही. तिसऱ्याला त्यातच 'वर' म्हणजे वरदान दिसेल. तिघांची देवळं उभी राहायला एवढं पुरे.

लेखनिकाच्या नेहमीच्या चुकाही कामाला येतात. दोन ओळींचा शेवट एकाच शब्दाने होत असेल तर नजर खालच्या ओळीवर उडी मारते आणि मधला मजकूर गळतो. समासात कुणी लिहिलेली टीप पुढच्या प्रतीत मूळ मजकुरात शिरते. दोरा तुटून पानं विस्कटली की क्रम चुकतो. कथेत यातली एकच चूक वापरा. आणि दोन प्रतींतला कोणता पाठ जुना, यावर तुमचे पंडित भांडणार असतील तर एक कसोटी त्यांच्या हाती द्या: अवघड पाठ बहुधा जुना, कारण लेखनिक अवघडाचं सोपं करतो, सोप्याचं अवघड सहसा करत नाही.

प्रश्न : नाटकासाठी ताडपत्राची पोथी बनवायची आहे. चहात बुडवलेला कागद बघून सगळे हसले.

हसणारच, ताडपत्र तसं दिसत नाही. जाड कार्डशीटच्या 40 बाय 4 सेंटिमीटरच्या पट्ट्या कापा. दोन्ही बाजूंना फिक्या पिवळट-तपकिरी रंगाचा हात द्या. वाळल्यावर लाखेच्या पॉलिशचे दोन हात द्या आणि ते पूर्ण सुकू द्या. कर्कटकाचं टोक दगडावर घासून किंचित बोथट करा आणि त्याने अक्षरं कोरा. मग काजळीत तेलाचे दोन-तीन थेंब घालून पट्टीवर चोळा आणि लगेच कोरड्या फडक्याने पुसा. रंग फक्त कोरलेल्या रेषांत राहतो. पट्टी सगळीच काळवंडली तर पॉलिश कमी पडलं असं समजा. म्हणून आधी एकाच पट्टीवर करून बघा.

अक्षरं गोलसर ठेवा. पानाच्या शिरांना समांतर आडवी रेघ कोरली की खरं ताडपत्र त्या रेघेवर चिरतं, तेव्हा कोरीव लिपीला लांबलचक शिरोरेघा देऊ नका. दोऱ्याच्या भोकाभोवती चौकोनी जागा कोरी सोडा. कसरीची भोकं प्रत्येक पट्टीवर वेगळी पाडू नका. दहा-बारा पट्ट्यांचा गठ्ठा धरून एक मिलिमीटरचं ड्रिल थोडं तिरकं चालवा, म्हणजे भोक पानागणिक किंचित सरकत जातं. आणि जळक्या कडा नकोतच! मळ कडांना, बोटं लागतात तिथे हवा. एकच प्रकरण इतरांपेक्षा जास्त मळवलंत, तर पुजारी रोज काय वाचतात ते संवादाशिवाय कळेल.

प्रश्न : अख्खा ग्रंथ लिहून काढावा लागेल का?

नाही. दहा-पंधरा उद्धृतं आणि त्यांच्याशी न जुळणारा एक टीकाकार पुरेसा आहे.

प्रश्न : पोथीच्या शेवटी लेखनिकाने काय लिहावं?

आपलं नाव, कुणासाठी लिहिलं, कुठे आणि कधी. ज्ञानेश्वरीच्या शेवटी शके 1212 ही टीकेची तिथी आणि लेखक म्हणून सच्चिदानंदबाबांचं नाव येतं, ते याच रीतीने. कित्येक संस्कृत पोथ्यांत पोथीच वाचकाला विनवते की तेल, पाणी आणि ढिली बांधणी यांपासून मला जपा, मूर्खाच्या हाती देऊ नका. पाठ, कंबर आणि मान मोडून लिहिलं, ही तक्रारही नेहमीची. तुमच्या लेखनिकाला त्याच्या जगाला शोभेल अशी तक्रार द्या: थंडीत गोठलेली शाई, अपुरा दिवा, काहीही. तारीख राजाच्या राज्यवर्षात आणि वारासकट द्या, पण तो वार तुमच्या काल्पनिक पंचांगात जुळतो का ते छापण्याआधी मोजून बघा. असले वाचक ते मोजतातच.